१९ सप्टेंबर १९९१ नंतर नेमलेले प्राध्यापक आणि त्यांची न मोजलेली सेवा

कृष्णाकाठ (धागालेखक)

मी १९९० च्या जूनमध्ये पश्चिम महाराष्ट्रातील एका अनुदानित महाविद्यालयात अर्थशास्त्राचा अधिव्याख्याता म्हणून रुजू झालो. पदव्युत्तर पदवीला मला ५५ टक्क्यांहून थोडे अधिक गुण होते. नेट, म्हणजे अधिव्याख्यातापदासाठीची राष्ट्रीय पात्रता परीक्षा, मी कधीही उत्तीर्ण झालो नाही, कारण माझ्या नेमणुकीला ती अट लागू नव्हती. १९९३ मध्ये माझ्याच विभागात एक सहकारी आले. त्यांचे गुण माझ्यापेक्षा जास्त होते, त्यांची निवड जाहिरात देऊन आणि विद्यापीठाच्या निवड समितीमार्फत झाली, विद्यापीठाने नेमणुकीला मान्यता दिली आणि उच्च शिक्षण सहसंचालक कार्यालयाने वेतननिश्चिती केली. नेट त्यांच्याकडेही नव्हते. मी सहयोगी प्राध्यापक होऊन निवृत्त झालो आणि ते ज्या श्रेणीत आले त्याच श्रेणीत दोन दशके राहिले. आम्हा दोघांत पात्रतेचा काहीही फरक नव्हता. फरक होता तो रुजू होण्याच्या तारखेचा.

नेट किंवा सेट (राज्यपातळीवरील तशीच परीक्षा) नसल्यामुळे अडलेल्या, म्हणजे नेट-सेटग्रस्त प्राध्यापकांच्या प्रश्नावर बोलताना ‘परीक्षा उत्तीर्ण झालेले’ आणि ‘न झालेले’ अशी विभागणी नेहमी केली जाते. माझ्या पिढीतील नेट नसलेल्या शेकडो प्राध्यापकांना वरिष्ठ श्रेणी, निवड श्रेणी (सेवेच्या वर्षांनुसार मिळणाऱ्या पुढच्या वेतनश्रेणी), प्राचार्यपद असे सर्व काही मिळाले आणि त्याबद्दल कोणी गुणवत्तेचा प्रश्न काढला नाही, ही गोष्ट त्या विभागणीत झाकली जाते. म्हणून हा धागा मुद्दाम मी, ज्याचे काहीही नुकसान झाले नाही अशा माणसाने, सुरू करीत आहे.

इतिहास थोडक्यात सांगतो. चौथ्या वेतन आयोगानंतर मेहरोत्रा समितीच्या शिफारशींच्या आधारे प्राध्यापकांना १ जानेवारी १९८६ पासून २२००–४००० ही श्रेणी मिळाली आणि त्याच सुमारास अधिव्याख्यात्यांसाठी देशपातळीवर पात्रता परीक्षा असावी हा विचार पुढे आला. नेट १९८९ च्या अखेरीस सुरू झाली. विद्यापीठ अनुदान आयोगाने १९ सप्टेंबर १९९१ रोजी विनियम काढून पदव्युत्तर पदवीला ५५ टक्के गुण आणि नेट किंवा राज्याची मान्यताप्राप्त परीक्षा ही किमान अर्हता ठरवली. परंतु महाराष्ट्र आणि गोवा यांच्यासाठीची सेट पुणे विद्यापीठाने १९९५ मध्ये सुरू केली. म्हणजे नियम १९९१ चा आणि तो पाळण्यासाठी मराठी माध्यमात शिकलेल्या उमेदवाराला उपलब्ध झालेली परीक्षा चार वर्षांनंतरची. मधल्या काळात महाविद्यालये वाढत होती, कार्यभार वाढत होता, नेट उत्तीर्ण उमेदवार फार थोडे होते आणि जागा भरल्या जात होत्या. त्या शासनाच्या डोळ्यांदेखत आणि शासनाच्याच पैशाने भरल्या गेल्या.

त्यानंतर शासनाने एकेक आदेश काढून या प्राध्यापकांचे स्थान ठरवण्याचा प्रयत्न केला. १९९५ आणि १९९८ च्या आदेशांनी त्यांची सेवा तदर्थ मानून परीक्षा उत्तीर्ण होण्यासाठी मुदती घातल्या. १८ ऑक्टोबर २००१ च्या निर्णयाने त्यांची सेवा संपुष्टात आणू नये असे ठरले, पण नेट-सेट होईपर्यंत वरिष्ठ श्रेणी आणि निवड श्रेणी नाही, हेही त्याबरोबर आले. अखेर २७ जून २०१३ च्या शासन निर्णयाने १९ सप्टेंबर १९९१ ते ३ एप्रिल २००० या काळात नेमलेल्या बिगर नेट-सेट प्राध्यापकांची सेवा नियमित धरली, मात्र ती नेमणुकीच्या दिवसापासून न धरता त्या निर्णयाच्या दिवसापासून धरली.

या शेवटच्या वाक्याचा हिशेब पाहावा. माझे सहकारी १९९३ मध्ये सव्विसाव्या वर्षी रुजू झाले. त्यांच्याबरोबर त्याच वर्षी दुसऱ्या महाविद्यालयात नेट उत्तीर्ण होऊन आलेला उमेदवार सहा वर्षांनी १००००–१५२०० या वरिष्ठ श्रेणीत आणि आणखी पाच वर्षांनी १२०००–१८३०० या निवड श्रेणीत पोचू शकला, आणि सहाव्या वेतन आयोगानंतर तीन वर्षे पूर्ण होताच ३७४००–६७००० या वेतनबँडमध्ये ९००० च्या ग्रेड पेसह (पदाची पातळी दाखवणारी वेतनातील रक्कम) सहयोगी प्राध्यापक झाला. माझे सहकारी ८०००–१३५०० मधून १५६००–३९१०० आणि ६००० ग्रेड पे येथे आले व तेथेच थांबले. सातव्या वेतन आयोगात पहिल्याची श्रेणी १३ए, जिची सुरुवात १,३१,४०० रुपयांनी होते, आणि दुसऱ्याची श्रेणी १०, जिची सुरुवात ५७,७०० रुपयांनी होते. वार्षिक वेतनवाढींमुळे प्रत्यक्ष अंतर काहीसे कमी होते, हे मान्य. पण २०१३ पासून मोजले तर पीएच. डी. नसलेल्याला पहिल्या टप्प्यासाठी सहा, दुसऱ्यासाठी पाच आणि तिसऱ्यासाठी तीन अशी चौदा वर्षे लागतात, म्हणजे २०२७ साल उजाडते. निवृत्ती साठाव्या वर्षी आहे. १९६७ मध्ये जन्मलेल्या माणसाला सहयोगी प्राध्यापक होण्यास नेमका निवृत्तीच्या वर्षापर्यंत वेळ लागतो आणि त्याहून आधी जन्मलेल्याला ते पद मिळतच नाही.

माझे म्हणणे एवढेच आहे की अर्हतेचा नियम प्रवेशाच्या दारावर लावायचा असतो. शासनाने, विद्यापीठाने आणि संस्थेने मिळून ज्याला आत घेतले, वीस वर्षे शिकवायला लावले, परीक्षेचे काम करवून घेतले, त्याच्या सेवेतून नंतर तो नियम वसूल करता येत नाही. आपापले अनुभव आणि मतभेद सविस्तर लिहावेत ही विनंती. संस्थांची व व्यक्तींची नावे मात्र टाळावीत.

तासिका_नऊवर्षे

सर, आपला लेख आदराने वाचला, तरीही मला विरोध नोंदवायचा आहे. मी सेट उत्तीर्ण आहे, पीएच. डी. आहे आणि तासिका तत्त्वावर, म्हणजे शिकवलेल्या तासांच्या मानधनावर, शिकवतो आहे. दरवर्षी जूनमध्ये अर्ज, मुलाखत आणि नवा आदेश असतो, सुट्टीच्या महिन्यांत मानधन नसते आणि मागच्या वर्षाची सेवा कुठेही मोजली जात नाही. आमच्या पिढीने विचारलेली प्रत्येक अर्हता मिळवली. ज्यांच्याकडे ती नव्हती त्यांना कायम नोकरी, वार्षिक वेतनवाढ आणि सहाव्या व सातव्या आयोगाचे लाभ मिळाले. त्यांना पदोन्नती उशिरा मिळाली म्हणून सर्वांनी हळहळावे आणि आम्हाला नोकरीच मिळत नाही याबद्दल कोणी धागा काढू नये, हे मला योग्य वाटत नाही. शिवाय १९९५ नंतर सेट वारंवार होत होती. पाच-सहा वर्षांत एकदाही उत्तीर्ण होता येऊ नये, हे विद्यार्थ्यांच्या दृष्टीने चिंतेचे नाही काय?

पूर्णामाई

तासिका सरांच्या शेवटच्या प्रश्नाला मला उत्तर द्यायचे आहे, कारण मी त्या प्राध्यापकांपैकी एक आहे. विदर्भातील एका तालुक्याच्या गावी मी १९९४ पासून वनस्पतिशास्त्र शिकवले. विज्ञान शाखेच्या नेटची परीक्षा जीवशास्त्राच्या संपूर्ण विस्तारावर असे, म्हणजे ज्यांनी पदव्युत्तर स्तरावर वनस्पतिशास्त्राचाच एक विशेष विषय घेतला त्यांना रेणवीय जीवशास्त्रापासून प्राणिशरीरक्रियेपर्यंत सर्व नव्याने शिकावे लागे. आमच्या ग्रंथालयात त्या विषयांची पुस्तके नव्हती आणि परीक्षेचे केंद्र नागपूरला होते. माझ्याकडे प्रात्यक्षिकांसह पूर्ण कार्यभार होता, राष्ट्रीय सेवा योजनेचे काम होते आणि घरी दोन लहान मुले होती. मी अनेकदा परीक्षा दिली आणि ती मला झाली नाही, हे मी इथे स्पष्टपणे लिहिते. पुढे मी पीएच. डी. पूर्ण केली आणि माझे शोधनिबंध प्रसिद्ध झाले. माझे विद्यार्थी नेट उत्तीर्ण होऊन प्राध्यापक झाले, आणि त्यांपैकी एक सेवाज्येष्ठतेच्या यादीत माझ्या वर गेला.

वेतनाबद्दल सगळे बोलतात, पण ज्येष्ठतेच्या यादीबद्दल कोणी बोलत नाही. नियमित सेवा नाही म्हणून विभागप्रमुखपद नाही, अभ्यासमंडळाच्या निवडणुकीसाठी लागणारी अध्यापनाची वर्षे मोजली जात नाहीत, प्राचार्यपदासाठी अर्जच करता येत नाही. दरवर्षी माझ्या सेवापुस्तकात ‘नेट-सेट अर्हता प्राप्त नाही’ अशा अर्थाची नोंद पाहिली की माझा हात सही करताना थांबे. संस्थेच्या कार्यालयात आमचा उल्लेख आमच्यासमोरच ‘नेट नसलेले’ असा होत असे.

तासिका सर, तुमच्यावर होणारा अन्याय खरा आहे आणि तो माझ्यापेक्षा मोठा आहे. परंतु मला १९९४ पासून पदोन्नती दिली असती तर तुमची जागा गेली नसती. तुमची जागा गेली ती पदभरती बंद ठेवल्यामुळे.

मुळामुठा_वकील

काही कायदेशीर बाबी स्पष्ट करणे आवश्यक वाटते, कारण या विषयावरील चर्चेत ‘आयोगाचा नियम बंधनकारक होता, विषय संपला’ असे विधान हमखास येते.

विद्यापीठ अनुदान आयोग अधिनियम १९५६ च्या कलम २६ अन्वये आयोगाला अध्यापकांच्या अर्हता ठरवणारे विनियम करता येतात. हे विनियम वैध आहेत की नाहीत हा प्रश्न दिल्ली विद्यापीठाच्या संदर्भात सर्वोच्च न्यायालयापुढे आला आणि १९९४ मध्ये ‘दिल्ली विद्यापीठ विरुद्ध राज सिंह’ या प्रकरणात न्यायालयाने ते वैध ठरवले. मात्र त्याच निकालात न्यायालयाने विनियम मोडल्याचा परिणाम काय होतो हेही सांगितले. तो परिणाम अधिनियमाच्या कलम १४ मध्ये आहे. आयोग संबंधित विद्यापीठाने दिलेले कारण विचारात घेऊन त्याचे अनुदान रोखू शकतो. म्हणजे कायद्याने दंड ठेवला तो संस्थेवर. नेमला गेलेला अध्यापक त्या दंडाचा धनी कुठेही नाही. याशिवाय १९९१ च्या विनियमांतच आयोगाच्या पूर्वमान्यतेने अर्हता शिथिल करण्याची तरतूद होती. अर्ज करायचा होता विद्यापीठाने आणि शासनाने. तो योग्य वेळी झाला नाही, याची किंमत ज्याला अर्ज करण्याचा अधिकारच नव्हता त्याच्याकडून घेतली गेली.

दुसरी बाब तारखांची. ३ एप्रिल २००० ही सीमा का, असे अनेक जण विचारतात. आयोगाने ४ एप्रिल २००० रोजी नवे विनियम काढले आणि १९९१ चे विनियम मागे पडले, म्हणून आदल्या दिवसापर्यंतचा काळ. या काळात नियमित रीतीने नेमलेल्यांना सूट देण्याची भूमिका आयोगाने २०१० मध्ये घेतली, केंद्रीय मंत्रालयाने अधिनियमाच्या कलम २० खालील (केंद्राने आयोगाला द्यायच्या धोरणविषयक) निर्देशाचा आधार घेऊन सरसकट सूट देण्यास हरकत घेतली, तरीही २०११ मध्ये महाराष्ट्रातील प्राध्यापकांबद्दल आयोगाने राज्याला अनुकूल पत्र दिले. ज्या संस्थेने अट घातली तिनेच सूट मान्य केल्यावर ती कोणत्या तारखेपासून लागू व्हावी? अर्हतेची अट नेमणुकीची असेल तर तिच्यातील सूटही नेमणुकीचीच असली पाहिजे, असे माझे मत आहे. २०१३ च्या निर्णयाने सूट दिली, पण नेमणुकीची तारीख मात्र बदलली.

लेखाशीर्ष

मी उच्च शिक्षण खात्याच्या लेखा शाखेत काम केले असून आता निवृत्त आहे. शासनाची बाजू मांडणारे इथे कोणी नाही, म्हणून लिहितो.

महाराष्ट्रात अनुदानित महाविद्यालयांतील वेतनाचा संपूर्ण भार राज्यावर आहे. सहाव्या वेतन आयोगाच्या वेळी केंद्राने १ जानेवारी २००६ ते ३१ मार्च २०१० या काळातील वाढीव खर्चाच्या ८० टक्के रक्कम देण्याचे मान्य केले, पण त्यासाठी संपूर्ण योजना तिच्या अटींसह स्वीकारणे आवश्यक होते आणि राज्याला आधी खर्च करून नंतर प्रतिपूर्ती मागायची होती. सातव्या आयोगात केंद्राचा वाटा ५० टक्क्यांवर आणि ३१ मार्च २०१९ पर्यंतच्या काळापुरता आला. अशा स्थितीत अर्हता नसलेल्यांना पूर्वलक्षी पदोन्नती दिली आणि लेखापरीक्षणात आक्षेप आला, तर उत्तर कोणी द्यायचे, हा प्रश्न नस्तीवर (फाइलवर) प्रत्येक वेळी येत असे. नस्ती वित्त विभागाकडे जाई आणि ‘आर्थिक भार किती’ असा शेरा घेऊन परत येई. पूर्वलक्षी लाभ टाळून पुढील तारखेपासून नियमित करणे हा त्या दोन टोकांतील मध्यममार्ग होता. तो कोणालाही समाधान देणारा नव्हता हे मान्य करूनही मी सांगेन की त्यामुळे हजारो लोकांची नोकरी कायमची सुरक्षित झाली.

कृष्णाकाठ (धागालेखक)

लेखाशीर्ष साहेब, आपण शासनाची बाजू प्रामाणिकपणे मांडलीत याबद्दल आभार. आपल्या प्रतिसादातील एका गोष्टीकडे लक्ष वेधतो. आर्थिक भाराचा प्रश्न थकबाकीचा असतो. थकबाकी न देता सेवा नेमणुकीपासून मोजणे आणि आजचे वेतन काल्पनिक वेतननिश्चितीने (मधल्या पदोन्नती वेळेवर मिळाल्या असे धरून) ठरवणे हा मार्ग शासनाला परिचित आहे आणि तो अन्य संवर्गांत अनेकदा वापरला गेला आहे. इथे तो वापरला असता तर राज्याचा बोजा पुष्कळ कमी राहिला असता आणि निवृत्तिवेतन तरी शेवटच्या योग्य वेतनावर ठरले असते. थकबाकी नको, पण वर्षे मोजा, असे म्हणणारे अनेक सहकारी मला माहीत आहेत.

निवृत्तिवेतनाबद्दल अधिक लिहायला हवे, कारण या प्रश्नाची सर्वांत कठोर बाजू तिथे आहे. राज्यात १ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर नेमलेल्यांना जुनी निवृत्तिवेतन योजना न देता परिभाषित अंशदान योजना (वेतनातून होणाऱ्या कपातीवर आधारलेली) लागू केली गेली. हे प्राध्यापक नव्वदच्या दशकात नेमले गेले. परंतु त्यांची नियमित सेवा २७ जून २०१३ पासून धरायची म्हटल्यावर कार्यालयांत पहिला प्रश्न असा आला की हे जुन्या योजनेत की नव्या? आणि जुन्या योजनेत धरले तरी महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम १९८२ प्रमाणे किमान दहा वर्षांची अर्हताकारी (निवृत्तिवेतनासाठी मोजली जाणारी) सेवा हवी. २०१३ नंतर पाच-सात वर्षांत जे निवृत्त झाले त्यांची दहा वर्षे भरणार कशी? पंचवीस वर्षे वर्गात उभे राहिलेल्या माणसाला निवृत्तिवेतनासाठी न्यायालयात जावे लागले, आणि असे जावे लागलेले लोक एक-दोन नाहीत.

तासिका सर, तुम्हाला उत्तर द्यायचे राहिले. तुमच्याबद्दल वेगळा धागा व्हायला हवा हे मला पूर्णपणे मान्य आहे. परंतु हे दोन प्रश्न एकमेकांविरुद्ध उभे करू नका. १९९० च्या दशकात शासनाने स्वस्तात काम करवून घेण्यासाठी ‘तदर्थ’ हे नाव वापरले, आज तेच काम ‘तासिका’ या नावाने होते. तेव्हाची सेवा मोजायची नाही हे एकदा मान्य झाले की तुमची सेवा मोजण्याचा आग्रह कोणत्या आधारावर धरणार?

शेवंता

मी २०१३ मध्ये कला शाखेच्या तिसऱ्या वर्षाला होते. फेब्रुवारी ते मे या काळात प्राध्यापकांनी परीक्षेच्या कामावर बहिष्कार टाकला होता. आमच्या परीक्षा आणि निकाल यांची अनिश्चितता मला अजून आठवते. पुढच्या प्रवेशाच्या मुदती जवळ येत होत्या आणि घरी कोणाला काय सांगावे हे कळत नव्हते. त्यावेळी माझा प्राध्यापकांवर राग होता. सहाव्या वेतन आयोगाच्या थकबाकीबरोबर नेट-सेटग्रस्तांचा प्रश्नही त्या मागण्यांत होता, हे मला हा धागा वाचून समजले. तरीही विचारावेसे वाटते की विद्यार्थ्यांना वेठीला न धरता हे मागता आले नसते का?

पूर्णामाई

शेवंता, तुझा राग योग्य होता. त्या वर्षीच्या माझ्या वर्गातल्या मुलांची काळजी मलाही होती आणि मी बहिष्कारात सहभागी होते. त्याआधी निवेदने, मोर्चे, धरणी, शिष्टमंडळे, विधान परिषदेतील प्रश्न असे सर्व मार्ग वर्षानुवर्षे वापरून झाले होते. प्राध्यापकांचे नेते आणि विधान परिषदेचे सदस्य राहिलेल्या बी. टी. देशमुख सरांसारख्यांनी सभागृहात आणि बाहेर हा विषय किती वेळा मांडला, ते नुटा या नागपूर विद्यापीठातील शिक्षक संघटनेच्या जुन्या ‘नुटा बुलेटिन’च्या अंकांत वाचता येईल. बहिष्कार मागे घेतल्यानंतर जून महिन्यात तो शासन निर्णय निघाला. आमचे ७१ दिवसांचे वेतन रोखले गेले आणि ते मिळवण्यासाठी पुढे कित्येक वर्षे झगडावे लागले. विद्यार्थ्यांचे नुकसान भरून निघाले असे मी म्हणणार नाही.

सह्यकडा

हा प्रश्न २००० साली संपलेला नाही, हे सांगण्यासाठी लिहितो. मी पीएच. डी.च्या बळावर नेमला गेलेला आहे आणि आमच्याही बाबतीत तारखांचा खेळ तितकाच झाला.

२००२ च्या दुरुस्तीने ३१ डिसेंबर २००२ पर्यंत प्रबंध सादर करणाऱ्यांना नेटमधून सूट मिळाली. २००६ च्या दुरुस्तीने पीएच. डी. धारकांना आणि पदवी स्तरावर शिकवण्यासाठी एम. फिल. धारकांनाही सूट मिळाली. त्या भरवशावर शेकडो शिक्षकांनी एम. फिल. केले. २००९ मध्ये एम. फिल.ची सूट गेली आणि पीएच. डी.ची सूट केवळ २००९ च्या नव्या विनियमांनुसार मिळालेल्या पदवीपुरती उरली. २००९ पूर्वी नोंदणी केलेल्यांनी त्या वेळी अस्तित्वातच नसलेल्या नियमांनुसार संशोधन कसे करायचे होते? २०१५ मध्ये ‘पी. सुशीला विरुद्ध विद्यापीठ अनुदान आयोग’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती कायम ठेवली. पुढच्याच वर्षी आयोगानेच २०१६ मध्ये ११ जुलै २००९ पूर्वी नोंदणी केलेल्यांना पाच अटींवर सूट दिली. नियमित पद्धतीने मिळालेली पदवी, दोन बाह्य परीक्षक, खुली मौखिक परीक्षा, दोन शोधनिबंध आणि परिषदांत दोन सादरीकरणे. या पाच बाबींचे प्रमाणपत्र मिळवण्यासाठी मी ज्या विद्यापीठात हेलपाटे घातले तिथे माझी पंधरा वर्षांपूर्वीची नस्ती सापडत नव्हती.

पुढे २०१८ च्या विनियमांनी विद्यापीठांतील सहायक प्राध्यापकपदासाठी १ जुलै २०२१ पासून पीएच. डी. अनिवार्य केली, ती मुदत २०२३ पर्यंत वाढवली आणि २०२३ मध्ये ती अट काढून पुन्हा नेट, सेट किंवा स्लेट (हीसुद्धा राज्यपातळीवरील परीक्षाच) हीच किमान अर्हता ठरवली. मध्यंतरी ज्यांनी घाईने, कर्ज काढून, बिनपगारी रजेवर जाऊन पीएच. डी. पूर्ण केली त्यांचे काय? मुळामुठा साहेब, सुशीला प्रकरणातील निकाल पाहता आपण वर मांडलेला युक्तिवाद टिकतो का, हेही समजून घ्यायला आवडेल.

मुळामुठा_वकील

सह्यकडा यांचा प्रश्न मार्मिक आहे. सुशीला प्रकरणात याचिकाकर्ते नेमणुकीच्या प्रतीक्षेत असलेले उमेदवार होते. न्यायालयाने म्हटले की अर्जदाराला जुन्या अर्हतेवर नेमले जाण्याचा निहित हक्क नसतो, निवड होण्यापूर्वी नियम बदलू शकतो आणि असा बदल पूर्वलक्षी ठरत नाही. या धाग्यातील प्राध्यापक मात्र निवड होऊन, मान्यता मिळवून, वेतन घेत असलेले कर्मचारी आहेत. त्यामुळे तो निकाल त्यांच्या विरोधात सरळ लागू होत नाही. कठीण प्रश्न वेगळा आहे. ते रुजू झाले तेव्हा १९९१ चे विनियम अस्तित्वात होते, म्हणून त्यांच्यावर नियम मागाहून लादला असे म्हणता येत नाही. नियम आधीपासून होता आणि तो नेमणूक करणाऱ्यांनी पाळला नाही, हीच खरी वस्तुस्थिती आहे. धागालेखकांनी ‘प्रवेशाच्या दारावर’ असे जे म्हटले त्याचे बळ इथे आहे. दारावर अडवण्याचा अधिकार ज्यांना होता त्यांनी अडवले नाही आणि कायद्याने याचा दंड त्यांच्यावरच ठेवला होता.

नवी_नेमणूक

माझी नेमणूक अलीकडेच झाली असून पहिल्या स्थाननिश्चितीला (वरच्या श्रेणीतील पदोन्नतीला) अजून अवकाश आहे. वरील अनुभव वाचून मनात धास्ती बसली. सेवेच्या सुरुवातीलाच कोणती काळजी घ्यावी, हे ज्येष्ठांनी सांगितले तर उपकार होतील.

लेखाशीर्ष

कार्यालयात ज्या कागदांअभावी प्रकरणे अडकलेली मी पाहिली, ते सांगतो. मूळ जाहिरातीचे कात्रण, बिंदुनामावली (आरक्षणानुसार पदांची नोंद) तपासून संस्थेला मिळालेले ना-हरकत पत्र, निवड समितीच्या अहवालाची प्रत आणि विद्यापीठाच्या मान्यतेचे पत्र या चार गोष्टींच्या प्रमाणित प्रती आजच आपल्याजवळ घ्याव्यात, कारण संस्थेचे पदाधिकारी आणि कार्यालयीन अधीक्षक बदलतात आणि वीस वर्षांनी त्या नस्त्या कुठे असतील याची खात्री कोणी देऊ शकत नाही. मान्यतेच्या पत्रात ‘तात्पुरती’ किंवा ‘एका शैक्षणिक वर्षापुरती’ असे शब्द असतील तर त्याच वर्षी लेखी पत्र देऊन विचारणा करावी. नेमणूक कोणत्या विनियमांखाली आणि कोणत्या अर्हतेवर झाली, हे सेवापुस्तकाच्या पहिल्या पानांवर स्पष्ट लिहून घ्यावे. उद्बोधन आणि उजळणी वर्ग पात्रतेच्या तारखेआधी पूर्ण करावेत, आणि स्थाननिश्चितीचा अर्ज किमान सेवा पूर्ण होताच पोचपावतीसह द्यावा. २०१८ च्या विनियमांप्रमाणे पात्रता पूर्ण होताच अर्ज करून पहिल्याच मूल्यांकनात यशस्वी झालेल्याची पदोन्नती किमान पात्रतेच्या तारखेपासून धरायची असते. अर्ज उशिरा गेला तर ती तारीख पुढे सरकते आणि नंतर मागे आणता येत नाही.

तासिका_नऊवर्षे

हेच कागद आम्हीही ठेवावेत काय? आमचा आदेश दरवर्षी नवा असतो आणि त्यावर विद्यापीठाची मान्यता अनेकदा सत्र संपताना येते.

लेखाशीर्ष

होय, अवश्य ठेवावेत, आणि दरवर्षीचे ठेवावेत. आदेश, मान्यतेचे पत्र, मासिक कार्यभाराचा तक्ता आणि मानधन जमा झाल्याची बँकेची नोंद या चारही गोष्टी वर्षनिहाय लावून ठेवाव्यात. तासिका तत्त्वावरील सेवा मोजण्याचा निर्णय उद्या झाला, तर पहिला आदेश ‘सेवेचा पुरावा सादर करावा’ असाच येईल आणि तो सादर करण्याची जबाबदारी कार्यालय तुमच्यावरच टाकेल.